माझ्या आईला ‘आई’ म्हणणारी टूरिड

परवा इथल्या मराठी मंडळाच्या हळदीकुंकवाला एक नवी मुलगी भेटली. आखनला एम.एस. करून नुकतीच स्टुटगार्टला नोकरीला लागलेली. बोलता बोलता मी आमच्या जुन्या घराचा पत्ता सांगितला, तर तिचे डोळे एवढाले झाले. “म्हणजे टूरिड होल्मेनच्या बिल्डिंगमध्ये? तुम्ही तिला बघितलंय? अय्या, किती लकी आहात हो तुम्ही!”

मी हातातला तिळगूळ तोंडात टाकला, म्हणजे लगेच उत्तर द्यायला नको.

लकी! ती बाई आमच्या खालच्या मजल्यावर राहत होती ती सगळी वर्षं मी तिच्यावर जळण्यात घालवली. स्पष्ट लिहिलेलं बरं. आता तिच्या कादंबऱ्यांच्या नव्या आवृत्त्या निघतात, मागच्या बाजूला ‘उत्तरेकडून आलेला स्त्रियांचा बुलंद आवाज’ असं काहीतरी छापलेलं असतं. तो बुलंद आवाज मी आमच्या बाथरूमच्या पाइपातून रोज सकाळी ऐकलेला आहे. ती अंघोळ करताना गायची, आणि फार बेसूर गायची.

पहिल्यांदा ती मला नीट भेटली ती जिन्यात. स्टुटगार्टमध्ये केअरवोखं नावाचा एक प्रकार असतो. बिल्डिंगचा जिना आणि पुढचा फुटपाथ झाडायची पाळी, दर आठवड्याला एका घराची. पाळी आली की दाराच्या मुठीला एक लाकडी पाटी येऊन लटकते आणि आठवडा संपला की आपण ती पुढच्या घराच्या दाराला लटकवायची. तळमजल्यावरच्या फ्राउ हेबर्ले या पाटीच्या राखणदार. झाडून झालं की त्या चपला घालून बाहेर येत आणि पायरीच्या कोपऱ्यात बोट फिरवून बघत.

मला झाडण्याची लाज नाही. माझ्या आईनं लासलगावला व्यापाऱ्यांच्या खळ्यावर कांदा निवडून मला शिकवलं. आमच्या दोन्हीकडच्या घराण्यांत पहिली पदवी माझी, तीही मेकॅनिकल इंजिनिअरिंगची, आणि ती मी कोणाच्या ओळखीवर मिळवलेली नाही. पण ‘या इंडियन बाईला झाडता येत नाही’ असं कोणी म्हणू नये म्हणून मी तो जिना असा घासायची, जणू पायऱ्यांवर पंगत बसणार आहे.

त्या शनिवारी मी अशीच वाकलेली असताना खालून एक उंच, पांढऱ्या केसांची बाई आली. अंगात पुरुषी शर्ट, तो इतका चुरगळलेला की वाटावं रात्री उशाशी घेऊन झोपली असेल. ती माझ्यापासून दोन पायऱ्या खाली बसली, खिशातून संत्रं काढून सोलू लागली आणि मला विचारलं, “हे कोणी ठरवलं?”

“काय?”

“तू झाडायचं ते.”

“पाटी आमच्या दाराला आहे.”

“पाटी तुझ्या गळ्यात आहे की दाराला?”

“दाराला.”

“आल्झो, मग दाराच्या आत अजून कोण राहतं?”

तेवढ्यात आतून माझा नवरा प्रशांत मोज्यांवर बाहेर आला, हातात मोबाइल, ‘अगं, चहा’ म्हणायला. ती त्याच्याकडे बघून अगदी गोड आवाजात म्हणाली, “गुटेन मॉर्गन. झाडू तुमच्या बायकोच्या हाताला चिकटलाय. जरा सोडवून घ्या.”

आणि त्यानं घेतला! चक्क घेतला, आणि खाली रस्त्यापर्यंत झाडत गेला. फ्राउ हेबर्ले दार उघडून बघतच राहिल्या. “हेर पाटील, बायको आजारी आहे का?”

दुपारी जेवताना प्रशांत म्हणाला, “बाईंचा मुद्दा बरोबर आहे हं.”

“लग्न झाल्यापासून मी दुसरं काय सांगतेय?”

“अगं, तू चिडून सांगतेस.”

घरात मदत झाली म्हणून मला आनंद व्हायला हवा होता. मला काय वाटलं ते सांगते. माझ्या घरात मी इतकी वर्षं डोकं आपटलं आणि ही बाई संत्रं सोलता सोलता जिंकून गेली. तिथून ते जळणं सुरू झालं.

‘हे कोणी ठरवलं?’ हा तिचा कायमचा प्रश्न. बेकरीवाल्यानं सांगितलं की रविवारी फक्त दुपारपर्यंत, तर ‘हे कोणी ठरवलं?’ ट्रॅममध्ये कोणी म्हातारा उठून तिला जागा द्यायला लागला, तर ‘हे कोणी ठरवलं?’ आणि मग ती त्या जागेवर खुशाल बसायची. दर सोमवारी स्टेशनच्या नव्या बांधकामाविरुद्ध मोर्चा असायचा, तिथे ती शिट्टी आणि एक तवा घेऊन जायची. घरी आल्यावर त्याच तव्यात अंडी करायची.

पहिल्यांदा तिच्या घरात गेले तेव्हा मला लिहायचं टेबल कुठे दिसेना. लेखिकेच्या घरात टेबल नको का? खिडकीपाशी इस्त्रीचं टेबल उघडून ठेवलेलं, त्याच्यावर कागद आणि टाइपरायटर. ती उभं राहून लिहायची, रोज सकाळी, उघड्या खिडकीशी, थंडीत मफलर गुंडाळून. म्हणाली, “लग्नात मला हे सासूनं दिलं होतं. घर सोडताना तेवढं घेऊन आले. यावर आजवर एकही कपडा ठेवलेला नाही.” ते तिच्या शर्टांवरून कळतच होतं.

दुसरी गोष्ट म्हणजे स्वयंपाकघराचा पडदा. रंगीबेरंगी तुकडे जोडलेला, मी त्याला गोधडीच समजले. जवळून बघितलं तर ते सगळे ॲप्रन होते. फुलाफुलांचे, चौकटीचे, एकावर नक्षीदार अक्षरांत कोणाचं तरी नाव भरलेलं. तिची दुसरी कादंबरी जर्मनमध्ये आली तेव्हा देशभरातल्या बायकांनी तिला पोस्टानं आपापले ॲप्रन पाठवून दिले होते. बरोबर काही मजकूर नाही, नुसता ॲप्रन. “फेकायचे कसे? म्हणून पडदा शिवला. शिवला म्हणजे रेनाटंनं शिवला. मला सुई धरता येत नाही.”

रेनाटं म्हणजे तिची अनुवादक. दोघी एकत्र राहायच्या. मी राहायला आले त्याच्या आधीच ती वारली होती, पण दारावरच्या पाटीवर दोन्ही आडनावं तशीच होती आणि टूरिड घरात शिरताना अजून ‘आले गं’ अशा सुरात काहीतरी म्हणायची.

तिचं आयुष्य मला तिनं सलग कधी सांगितलं नाही. इकडून तिकडून जमवलेलं आहे. नॉर्वेच्या वरच्या टोकाला एका बेटावर तिचा जन्म. आई हेरिंग मासे साफ करून मिठात भरायच्या शेडवर कामाला, आणि टूरिडही वयात येईपर्यंत तिथेच. मग युनिव्हर्सिटीत गेली आणि मधेच सोडली. याचं मला फार वाईट वाटायचं, म्हणजे तिच्यासाठी नाही, पदवीसाठी. ज्या गोष्टीसाठी माझ्या आईची बोटं कामातून गेली, ती गोष्ट या बाईनं छत्रीसारखी कुठेतरी विसरून यावी! मग हेडमास्तरांशी लग्न, दोन मुलगे. पहिली कादंबरी मासे साफ करणाऱ्या बायकांची. टीकाकार म्हणाले, पुस्तकाला मासळीचा वास येतो. ती म्हणाली, हातांना येतो तर पुस्तकाला का नको? दुसरी कादंबरी म्हणजे ती ॲप्रनवाली. एक बाई दुपारचं जेवण वाढून ठेवते, बॅग उचलते आणि जाते, ती परत येत नाही. कादंबरी बाहेर आली तेव्हा गावच्या पाद्र्यानं टूरिडशी हात मिळवला नाही. आणि पुस्तक छापून झाल्यावर ती स्वतःही तशीच निघाली. नवरा आणि दोन्ही मुलं तिकडे, ही इस्त्रीचं टेबल घेऊन इकडे.

पुढं सभा झाल्या, भाषणं झाली, परिसंवाद झाले. मग लोक विसरले. मग या दहा-बारा वर्षांत नव्या मुली पुन्हा वाचायला लागल्या. हातावर तिच्या पुस्तकातली वाक्यं गोंदवून घेतलेल्या पोरी जिना चढून यायच्या आणि तिच्याबरोबर फोटो काढायच्या. त्या गेल्या की ती म्हणायची, “मी म्युझियम झालेय. तिकीट लावायला हवं.” पण म्हणताना खूश असायची.

मी तिची ती कादंबरी वाचली, जर्मनमध्ये, डिक्शनरी घेऊन. पुस्तक चांगलं आहे, नाही कशाला म्हणू? पण मिटलं तेव्हा मी ते कपाटात पाठमोरं ठेवून दिलं. मीही निघूनच आले होते. विधवा आईला लासलगावला पत्र्याच्या घरात एकटी ठेवून, दोन सुटकेस घेऊन. मला कोणी ॲप्रन पाठवला नाही. मला गावाकडून फक्त ‘आईला कधी नेणार?’ एवढं विचारलं गेलं. ही स्वतःची पोरं टाकून आली तर तिच्या नावानं टाळ्या, आणि मी आईला टाकलं नाही, दर महिन्याला जीव तुटतो, तर माझ्या नावानं प्रश्न.

शेवटी आईला तीन महिन्यांच्या व्हिसावर आणलं. रजा मोजकी. सकाळी मी आणि प्रशांत एस-बान लोकलने आपापल्या ऑफिसला, आमची रेवा शाळेत. रेवा इथेच वाढलेली. तिला मराठी सगळं कळायचं, पण उत्तर जर्मनमध्ये. मी म्हणायची, “मराठीत बोल,” ती म्हणायची, “या, या,” म्हणजे ‘हो, हो’, आणि पुढं जर्मन सुरू. मला काळजी ही होती की आजी-नातीचं बोलणं होणार कसं आणि दिवसभर आई करणार काय?

पहिल्याच आठवड्यात आई आमची पाळी म्हणून जिना झाडायला गेली. तिला प्रशांतच्या हातात झाडू बघवेना. “अगं बाई, जावयाच्या हातात खराटा! मला पाप लावू राहिली का तू?” मी ऑफिसात होते. टूरिड खालून आली असणार, नेहमीचा प्रश्न विचारला असणार. आईला काय कळणार? तिनं टूरिडला वर बोलावलं आणि चहा दिला. संध्याकाळी मी आले तर आई खालच्या घरात, त्या ॲप्रनच्या पडद्याखाली पाय पसरून बसलेली.

दोघींत भाषा एकच होती, ती म्हणजे माझी मुलगी. शाळेतून आली की रेवा दप्तरासकट दुसऱ्या मजल्यावर टूरिडकडेच थांबायची. एकदा माझी मीटिंग रद्द झाली म्हणून मी लवकर आले. टूरिडचं दार अर्धवट उघडं होतं आणि आतून मराठी ऐकू आलं. रेवाचं मराठी! मी जिन्यातच उभी राहिले.

“आजी, ती विचारते, वास जायचा का? हाताचा?”

“कशाचा जातो! लिंबू चोळलं की जातो म्हणतात. पण लिंबू जेवणात नाही तर हाताला कुठून आणू? तिला विचार, मासळीचा जायचा का?”

जर्मनमध्ये प्रश्न गेला, उत्तर आलं.

“नाही म्हणते. ती म्हणते डान्सला गेली की मुलं नाक... असं करायची.” बहुतेक तिनं नाक धरून दाखवलं, कारण आजी-नात दोघी खळखळून हसल्या.

“रेवा, हसू राहिली काय? आमच्यात तर नवरा पण कांद्याचाच होता. कोणी कोणाला नाक मुरडायचं?”

मग दोघींनी एकमेकींचे हात हुंगले. हे मी फटीतून बघितलं. एक लांब, हाडकी, चट्टे पडलेला हात आणि एक आखूड, बोटं वाकडी झालेला. जो हात मी हुंगला नव्हता. लहानपणी शाळेत जाताना आईनं गालाला हात लावला तर मी तोंड फिरवायची, वर्गात वास येईल म्हणून.

आणि वर हे, की टूरिड माझ्या आईला ‘आई’ म्हणायची. आम्ही तिघं तिला आई, आजी आणि आई म्हणायचो, त्यातलं जास्त वेळा ऐकलं ते नाव असणार असं तिला वाटत असावं. पंच्याहत्तरीला टेकलेली बाई साठीतल्या माझ्या आईला जिन्यातून हाक मारायची, “आSSई!” मी एकदा सांगितलं, “टूरिड, ते नाव नाही. त्याचा अर्थ मुटर.” ती म्हणाली, “माहितीये. रेवानं पहिल्याच दिवशी सांगितलं. तिला चालतंय.” आईला विचारलं तर ती म्हणाली, “म्हणू दे गं. तिला कोणी राहिलंय का?”

मला नव्हतं चालत. पण मला कोणी विचारलं नव्हतं.

दुसऱ्या उन्हाळ्यात आई पुन्हा आली आणि तेव्हा ते झालं. रात्रीच्या जेवणाला रेवा भात चिवडत होती. मधेच जर्मनमध्ये म्हणाली, “ममा, तुला माहिती होतं का, आजी तुला सोडून जाणार होती?”

आई देवापाशी होती. मी म्हटलं, “काय बोलतेस?”

मग माझ्या मुलीनं माझ्या आईची गोष्ट मला जर्मनमध्ये सांगितली. आई सातवीची फायनल पास होती, केंद्रात पहिली. हे मला माहीत नव्हतं. मी आयुष्यभर सांगत आले, आमच्या घरात अक्षर आलं ते माझ्यापासून. मी लहान असताना गावच्या सरकारी दवाखान्यातल्या सिस्टरबाईंनी आईला सांगितलं होतं, नाशिकला ये, नर्सिंगच्या ट्रेनिंगला तुझं नाव घालते. तिथे राहायची सोय होती, पण मूल चालणार नव्हतं. आईनं एका सकाळी मला शेजारच्या काकूंकडे दिलं, पिशवीत लुगडी भरली आणि लासलगाव स्टेशनवर जाऊन बाकड्यावर बसली. गाडी लेट होती. खूप लेट. मला भूक लागायची वेळ झाली. आई उठली आणि घरी आली.

“आणि आजी म्हणाली,” रेवानं चमचा खाली ठेवला, “गाडी वेळेवर आली असती तर मी गेले असते.”

मी दुसऱ्या दिवशी ऑफिसमधून थेट दुसऱ्या मजल्यावर गेले. ती इस्त्रीच्या टेबलाशी उभी होती, मशीनमध्ये कागद.

“तू आईचं लिहिणार आहेस,” मी म्हणाले.

“हो.”

“लिहायचं नाही.”

“हे कोणी ठरवलं?”

“मी! माझी आई आहे ती.”

“गेनाऊ, अगदी बरोबर. पण बाकड्यावर बसलेली बाई तुझी एकटीची नाही.”

“लोकांना सांगणार तू, की माझी आई मला टाकून निघाली होती? तिनं काय खाल्लंय काय सोसलंय मला शिकवायला, तुला माहितीये का? तुला स्वतःचं नाही का काही लिहायला? तू तर खरोखर गेलीस! तुझी बोट वेळेवर होती!”

मी इतक्या चढ्या आवाजात जर्मन पहिल्यांदाच बोलले असेन. व्याकरण बहुतेक बरोबर होतं. टूरिडनं मशीनमधला कागद ओढून काढला. पुन्हा घातला.

“माझं ते पुस्तक वाचलंस ना तू? त्यात बॅग घेऊन जाणाऱ्या बाईला मुलं किती आहेत?”

मी आठवून बघितलं. “नाहीत.”

“मला दोन होती. धाकटा जिन्यात बसला होता, बूट उलटे घातलेले. त्याला मी पुस्तकात घेतलाच नाही. घेतला असता तर मला तिला बाहेर काढता आलं नसतं.” मग ती नेहमीच्या कोरड्या आवाजात म्हणाली, “त्याच्या लग्नाचं मला पेपरात वाचून कळलं. फोटो चांगला होता.” आणि वळून म्हणाली, “आईला विचार. ती नको म्हणाली तर नाही लिहिणार. तुला नाही विचारणार.”

मी वर गेले. आई मेथी निवडत होती.

“आई, तू हे तिला का सांगितलंस?”

“तिनं विचारलं.”

“मी काय परकी आहे? मला कधी नाही सांगितलंस ते?”

“तू विचारलं का कधी? तुला आपलं, आई असं खा, आई तसं नको करू, आई गोळी घेतली का.” तिनं एक काडी मोडली. “आणि तुला सांगितलं असतं तर तू रडली असती. मंग मला तुझी समजूत काढत बसावं लागलं असतं. ती नाही रडली. तिनं चहा केला.”

मी रडायला लागले होतेच.

“बघ,” आई म्हणाली. “म्हटलं नव्हतं मी?”

“ती पुस्तकात घालणार आहे ते.”

“घालू दे. सातवीत पहिली आले तेव्हा कोणी पेढा पण नव्हता वाटला. कुठं तरी येऊ दे ना.”

माझी पदवी आई खळ्यावरच्या सगळ्या बायकांना सांगत सुटली होती. तिचं मात्र कोणाला कळलंच नव्हतं. आणि ते कळायला उत्तर ध्रुवाजवळून एक चुरगळलेली बाई यावी लागली, याचा मला राग आला. तो राग काही त्या मेथीबरोबर शिजून गेला नाही, चांगला वर्षभर टिकला. जिन्यात टूरिड भेटली की मी ‘हालो’ म्हणायची आणि पुढं जायची.

पुस्तक आलं. आधी नॉर्वेत, मग जर्मनमध्ये. कोपऱ्यावरच्या पुस्तकांच्या दुकानात तिनं त्यातलं प्रकरण वाचलं. तेव्हा आई तिसऱ्यांदा आलेली होती. ती पहिल्या रांगेत नवी पैठणी नेसून बसली, रेवा शेजारी कानात कुजबुजत. मी ऑफिसातून येऊन मागे दाराशी उभी राहिले, मनात ठरवून की एक शब्द जरी लासलगावचा आला तर मधेच बोलायचं.

आला नाही. बंदर होतं, बर्फ होतं, मिठाची पिंपं होती. धक्क्यावरच्या बाकड्यावर एक तरुण बाई बसलेली. शेजारणीकडे मूल ठेवून आलेली. बोट दिसते, वेळेवर येते, आणि ती चढते. टूरिडनं इथपर्यंत वाचलं, चष्मा काढून पुसला आणि पुढचं वाचलं. तिथून पुढं पुस्तक बोटीबरोबर जात नाही. ते त्या मुलाबरोबर शेजारणीच्या घरात राहतं. मूल खिडकीशी आहे. त्याचे बूट उलटे आहेत.

टाळ्या झाल्या. एकीनं हात वर करून विचारलं, हे तुमचंच आहे का? टूरिड म्हणाली, “पन्नास वर्षं मी नाही म्हणत आले.” आणि पाणी प्यायली.

पुढचे कितीतरी दिवस रेवा ते पुस्तक आजीला मराठीत सांगायची, सोफ्यावर, आजीच्या मांडीवर पाय टाकून. अडली की मला हाक मारायची, “ममा, ‘हाइमवे’ला काय म्हणायचं?” मी स्वयंपाकघरातून ‘घरची ओढ’ असे शब्द फेकायची. म्हणजे मीही ऐकतच होते. सगळं ऐकलं. संपलं तेव्हा मी हात पुसत बाहेर आले.

“कसं वाटलं?” मी विचारलं.

“चांगलं लिहिलंय. पण हे माझं नाही गं. हे तिचंच आहे.” आईनं रेवाचे पाय बाजूला केले. “माझं फक्त बाकडं घेतलं तिनं.”

त्याच उन्हाळ्याच्या शेवटी टूरिड घर सोडून गेली. गुडघे जिना चढू देईनात. फ्राउ हेबर्लेंनी तिच्यासाठी जिन्यात एक खुर्ची ठेवली तेव्हाच तिनं ठरवलं असणार. नॉर्वेतल्या एका वृद्धाश्रमात जागा मिळाली होती, धाकट्या मुलाच्या गावाजवळ. न्यायला तोच आला होता, गाडी घेऊन इतक्या लांबून. पन्नाशी ओलांडलेला, दाढी पांढरी, आईसारखाच उंच. तो भराभरा खोकी खाली नेत होता आणि जे विचारायचं ते ‘टूरिड’ म्हणून विचारत होता. टूरिड, हे न्यायचं का? टूरिड, हे कुठे? नॉर्वेजियन मला येत नाही, पण एवढं कळत होतं. ती प्रत्येक वेळी पटकन मान वर करायची.

आईनं शेंगदाण्याचे लाडू डब्यात भरून दिले. दोघींनी एकमेकींचे हात धरले, पुन्हा एकदा हुंगले, आणि हसल्या. रेवाचं रडून नाक लाल झालेलं. मी शेवटचं पुस्तकांचं खोकं घेऊन खाली गेले. सप्टेंबरची सकाळ, फुटपाथवर चांगलाच गारठा. खोकं डिकीत ठेवून मी टूरिडला काही म्हणायला खिडकीशी वळले. काय म्हणणार होते ते मला अजूनही नक्की सांगता येणार नाही. तेवढ्यात मागून आई धापा टाकत आली, माझं जाकीट घेऊन.

“नुसती ब्लाउजवर आलीस? घाल.”

“आई, दोन मिनिटं...”

“घाल म्हणते ना.” तिनं बाह्या माझ्या हातांत कोंबल्या, समोर येऊन चेन लावली आणि थेट हनुवटीपर्यंत ओढली. वर कॉलर नीट केली. ऑफिसात माझ्या हाताखाली माणसं आहेत, डोक्यात पांढरे केस आहेत.

“आई, काय हे, लोक बघू राहिले!”

बघत एकच जण होतं. टूरिड गाडीत पुढच्या सीटवर बसली होती, काच खाली, लाडवांचा डबा मांडीवर. ती माझ्या गळ्याशी असलेल्या आईच्या वाकड्या बोटांकडे बघत होती. मी तिच्याकडे बघतेय हे तिच्या लक्षातही आलं नाही. ती नजर मी ओळखते. दुसऱ्या मजल्याच्या अर्धवट दारातून मीही तशीच बघितली होती.

मुलगा गाडीत बसला. “टूरिड, बेल्ट,” म्हणाला. तिला ऐकू गेलं नाही. तो थोडा थांबला. मग तिच्या अंगावरून वाकला, पट्टा ओढून घेतला आणि डबा सांभाळत तो तिच्या कमरेशी अडकवला. तिनं दोन्ही हात वर धरले होते, त्याला अडचण नको म्हणून. गाडी निघाली आणि चढावरून वळली, तरी तिचे हात तसेच वर होते.